सुमावहिनींचे राक्षस

सुमावहिनींच्या घरी सुतक पडलं ते एका चित्रातल्या माणसाचं. हे मी पहिल्याच ओळीत लिहून टाकतो, कारण नंतर सांगितलं तर लोक म्हणतात, म्हातारा रंगवून सांगतोय.

मी रंगवत नाही. माझं शिक्षण चौथीपर्यंत. पाचवीत मास्तरांचं आणि माझं पटेना, दोघांपैकी एकाने शाळा सोडणं भाग होतं. मास्तरांना पगार होता, म्हणून मी सोडली. पुढे जन्मभर चिऱ्याच्या खाणीवर जांभा कापला. चिरा एक तर सरळ कापला जातो, नाहीतर वाया जातो. तसंच हे लिहिणार आहे. ज्याला माझं शुद्धलेखन काढायचं असेल त्याने ते आपल्या घरी बसून काढावं.

तर बुधवारची सकाळ होती. आमची वाडी भाट्याच्या पुलापलीकडे, पावस गावच्या रस्त्याला. खैरून मासेवाली डोक्यावर पाटी घेऊन नेहमीसारखी आली आणि वहिनींच्या पायरीशी थांबली. वहिनी म्हणजे माझ्या शेजारच्या सदानंददादांची बायको. दादा बोटीवर होते, सारा जन्म समुद्रावर गेला आणि शेवटी घरी येऊन ओटीवर बसल्या बसल्या वारले. वहिनी शिवणकाम करायच्या.

खैरून म्हणाली, "सौंदाळे हायत, वहिनी. ताजे."

वहिनी दारात आल्या. डोळे लाल, केस मोकळे. "आज नको गो. मासे नाय शिजवायची मी आज. तो गेला."

"कोण गो?"

"काय सांगू तुला. एकटा झुंजला बिचारा. शेवटाला जवळ कोण म्हणून कोण नव्हतं."

खैरूनने पुढे विचारलं नाही. असं विचारत नाहीत. तिने पाटी खाली ठेवली, पदराने डोळे टिपले, पाटी उचलली आणि पुढच्या घरी गेली. मासे जसे घरोघर गेले तशी बातमीही गेली. वहिनींचा भाऊ डोंबिवलीला असतो, त्याला दम्याचा त्रास. वाडीने दोन आणि दोन चार केले. ज्या घरात माणूस गेलं तिथे त्या दिवशी चूल पेटत नाही, शेजारी पिठलं-भात पाठवतात, ही आमची रीत. दुपारपर्यंत वहिनींच्या ओटीवर पिठल्याच्या टोपांची रांग लागली. एक टोप माझा होता. बायको गेल्यापासून माझं मीच करतो. पिठल्यात गुठळ्या झाल्या होत्या, पण दुःखात गुठळ्या कोण बघतो, म्हणून तसंच नेलं.

ओटी माणसांनी भरली. सगळे गप्प. भेटायला गेलेल्याने आधी बोलायचं नसतं. वहिनींनी एवढी माणसं बघितली आणि त्यांचा ऊर भरून आला. त्यांना वाटलं, टीव्हीवरचा तो सिनेमा सगळ्या वाडीने बघितला.

शेवटी माझा पुतण्या बाळा, जो टेम्पो चालवतो आणि ज्याला गप्प बसणं जमत नाही, त्याने घसा साफ केला. "काकी, फार हाल झाले काय?"

"हाल तर काय. छातीतून भाला आरपार."

बाळा म्हणाला, "डोंबिवलीत?"

"डोंबिवलीत कशाला? बर्फाच्या डोंगरावर."

मी म्हटलं, "वहिनी, वय काय होतं?" कारण भाऊ त्यांच्याहून धाकटा की मोठा हे मला आठवत नव्हतं.

"तीनशे वर्षं," वहिनी म्हणाल्या आणि रडू लागल्या.

तेवढ्यात फोन वाजला. डोंबिवलीहून भाऊच बोलत होता, आमसुलं संपली, कुणी येणारं असेल तर पाठव. बाळाने फोन उचलला होता. त्याने "मामा, तुमी कुठून बोलता?" असं ज्या आवाजात विचारलं, तो आवाज मी मरेपर्यंत विसरणार नाही.

मग जे हसू फुटलं ते पार रस्त्यापर्यंत गेलं. वहिनी उभ्या राहून सांगत होत्या, अहो ऐका तरी, त्याची बायको होडी घेऊन गेली ती परत आली नाय, म्हणून त्याने समुद्र गोठवलान. समुद्र गोठला की होडी बुडणार नाय, माणूस चालत घरी येईल, एवढंच त्याच्या मनात होतं. पण ऐकतो कोण. बायका पोट धरून हसत होत्या. वहिनींनी सगळ्यांना त्यांचंच पिठलं वाढलं, आणि वाढता वाढता म्हणाल्या, "हसा. हसून घ्या. एक दिवस ह्याच अंगणात एका राक्षसासाठी तुमा सगळ्यांना रडवीन. तुमालासुद्धा, भावजी."

मी म्हटलं, "मी माझ्या आईला पोचवून आलो तेव्हासुद्धा रडलो नाही."

"म्हणून तर," वहिनी म्हणाल्या आणि माझ्याच पिठल्यातली एक गुठळी माझ्या पानात वाढली. मी पान बाजूला सारलं. "माझं झालंय," म्हटलं. मी कुणाच्या घरी जेवत नाही, हे वाडीला माहीत आहे.

हे खूळ आलं ते त्यांच्या नातीमुळे. मुग्धा नाशकाहून मे महिन्याच्या सुट्टीत आली, आंबे खाल्ले, आजीच्या टीव्हीवर जपानी चित्रांचे सिनेमे लावले आणि जाताना ते तसेच चालू ठेवून गेली. ॲनिमे म्हणतात त्याला. मी म्हणतो हलती चित्रं. डोळे बशीएवढे, केस साळिंदरासारखे. काही हिंदीत होते, काही जपानीतच. वहिनींना त्याने फरक पडत नव्हता. "रडायला भाषा कशाला लागते?" म्हणायच्या.

शिवणयंत्र त्यांनी टीव्हीसमोर ओढून घेतलं होतं. मी माझ्या ओटीवर बसून नुसत्या यंत्राच्या आवाजावरून सांगायचो आत काय चाललंय. हिरो बोलत असला की यंत्र धडधडायचं. त्या वेळात त्या अख्खी बाही जोडायच्या. राक्षस बोलायला लागला की यंत्र बंद. आणि यंत्र बराच वेळ बंद राहिलं की समजायचं, आता त्याचं लहानपण दाखवतायत. मग नाक शिंकरल्याचा आवाज यायचा. ज्या बाईचं पोलकं मधेच अडकलं असेल तिने त्या दिवशी यायचं नाही.

हिरोवर त्यांचा फार राग. "त्याला सगळं मिळतंय. आई मिळते, मित्र मिळतात, तलवार मिळते, वर गाणं मिळतं. त्याला रडायला आणखी माझी काय गरज?" शेवटी हिरो जिंकून डोंगरावर उभा राहिला की त्या टीव्ही बंद करून आत भात टाकायला जायच्या.

राक्षसाची पारख मात्र त्यांच्याकडून शिकावी. "ओरडतो ना, तो भुरटा. त्याच्याकडे लक्ष देऊ नका. जो हळू बोलतो, त्याला कायतरी झालेलं असतं." पांढरे केस, एक डोळा झाकलेला, काळा झगा आणि हळू आवाज, हे त्यांच्या मते जातिवंत लक्षण. मी एकदा खिडकीत उभा राहून बघत होतो. एक असाच इसम गावंच्या गावं जाळत चालला होता. वहिनी म्हणाल्या, "थांबा, आता पाऊस पडेल आणि हा लहान होईल." आणि खरोखर पाऊस पडला आणि तो लहान झाला. फाटक्या कपड्यात एका बंद दाराशी उभा. आतून जेवणाचा उजेड दिसतोय, दार कुणी उघडत नाही.

"बघा," वहिनी म्हणाल्या. "जपानी माणूस राक्षसाला मारायच्या आधी एकदा लहान करून दाखवतो. आपल्याकडे नुसता मारतात."

मी म्हटलं, "लहान केला, रडला, मग सोडून द्यायचा ना. मारतात कशाला?"

"मारावाच लागतो. गावं जाळलीन त्याने, ती काय परत येणारायत? मी कुठे म्हणते सोडा." त्यांनी सुईत दोरा ओवला. "पण त्या दाराशी उभा होता ना, तेव्हा कोणीतरी बाहेर येऊन विचारलं असतं, जेवलास काय रे? एवढंच. मग पुढचा सिनेमाच झाला नसता."

हे त्यांचं ठरलेलं होतं. पृथ्वीवरचा कुठलाही दुष्ट माणूस त्यांच्यासमोर उभा करा, त्या म्हणायच्या, वेळेवर कुणी जेवलास काय विचारलं नाही. मी चिडून म्हणायचो, आमच्या खाणीचा मुकादम दिवसातून चारदा खायचा आणि तरी दुष्ट होता. "पोट भरलेलं असेल," वहिनी म्हणायच्या, "विचारलेलं नसेल."

हे सिनेमात होतं तोवर ठीक. पण त्या ते घराबाहेरही लावू लागल्या.

आमच्याकडे एक हुप्प्या यायचा. टोळीतून हाकललेला मोठा वांदर, एका कानाला चीर, एकटाच फिरायचा. माझ्या पपया त्याने खाल्ल्या. नुसत्या खाल्ल्या असत्या तर एक वेळ गप्प बसलो असतो. एक घास खायचा आणि बाकीची माझ्या अंगणात टाकायचा. मी गलोल घेऊन बाहेर आलो तर वहिनी मधे उभ्या.

"कान बघा त्याचा," त्या म्हणाल्या.

"पपई बघा माझी."

"घरातून काढलेला हाय तो. आणि ओरडत नाय, लक्षात आलं काय तुमच्या? हळू बोलतो."

"वहिनी, तो वांदर आहे. तो बोलतच नाही."

त्यांनी ऐकलं नाही. आतून भाकरी आणली, पुढे झाल्या आणि त्या हुप्प्याला प्रेमाने विचारलं, जेवलास काय रे? त्याने एका हाताने भाकरी घेतली आणि दुसऱ्या हाताने त्यांच्या खांद्यावरचं शिवायला घेतलेलं पोलकं. ते पोलकं बाळाच्या बायकोचं, लग्नाला घालायचं, जरीचं. हुप्प्या ते डोक्यावर घेऊन आंब्याच्या शेंड्यावर जाऊन बसला आणि तिथून त्याने आम्हा दोघांकडे असं बघितलं की जणू मीच आगंतुक आहे.

वहिनींनी वर बघितलं. मग म्हणाल्या, "थंडी वाजत असेल."

बाळाच्या बायकोला काय सांगितलं ते मला माहीत नाही. तिने लग्नात साधं पोलकं घातलं आणि त्यानंतर महिनाभर कापडं शहरात शिवायला टाकली.

सर्वपित्रीला त्या एक पान जास्त वाढत. वाडीतल्या बायका विचारत, हे कुणाचं? वहिनी म्हणायच्या, ज्यांच्यासाठी कोण वाढणार नाय त्यांचं. खीर, वडे, भेंडी, भोपळा, सगळं त्याच्यावर. एकदा मी गडग्यावरून, म्हणजे आमच्या दोन घरांमधल्या दगडी कुंपणावरून, बघत होतो. कावळा पहिला त्याच पानावर उतरला, दादांचं पान सोडून. वहिनींनी दादांच्या पानाकडे बघितलं आणि म्हणाल्या, "तुमी थांबा जरा. तुमाला सवय हाय जेवणाची."

आता माझ्यावर यायला हवं, मला आवडो न आवडो. कारण वाडीत खरा राक्षस मी होतो.

शिमग्यात आमचे खेळे निघतात. नमन म्हणतात, घरोघर अंगणात नाचायचं. त्यात संकासूर असतो. काळा झगा, तोंड झाकणारी उंच टोपी, डोळ्यांपुरती भोकं, पांढरी दाढी, कमरेला घुंगरं. त्याने वेद चोरले म्हणून विष्णू त्याला मारतो. आमच्या वाडीच्या रीतीप्रमाणे झगा अंगावर असेपर्यंत संकासुराने एक शब्द बोलायचा नाही. नाचायचं, पोरांना पळवायचं, मरायचं. माझ्या तरुणपणापासून वाडीचा संकासूर मी. माझं मरणं प्रसिद्ध आहे. चक्र लागलं की मी हवेत उडतो आणि दोन्ही तंगड्या वर करून असा पडतो की म्हाताऱ्या माणसांचे दात पडायला येतात. ते बघायला पावसपासून लोक येतात. हा गर्व नाही, हे असं आहे.

वहिनी माझा झगा शिवायच्या. एका वर्षी माप घेताना तोंडात टाचण्या धरून म्हणाल्या, "भावजी, राग मानू नका. तुमचा संकासूर मरत नाय. घसरतो."

मी झगा काढून त्यांच्या हातात दिला आणि घरी आलो. त्यानंतर गणपती येऊन गेले तरी मी त्यांच्याशी बोललो नाही. त्या गडग्यापलीकडून बोलत राहिल्या. "आज कुकरची शिट्टी आली नाय तुमच्याकडून," म्हणायच्या. मी म्हणायचो, "जेवलो." हे बोलणं मोजत नाही.

पुन्हा बोलायला लागलो ते वर्षामुळे. वर्षा त्यांची मुलगी, मुग्धाची आई. दिवाळीला आली तेव्हा तिने बघितलं की आई टीव्ही डोळ्यांनी कमी आणि कानांनी जास्त बघते. मोतीबिंदू होता, गुडघेही गेले होते. तिने ठरवलं, शिमगा झाला की आईला नाशकाला कायमची न्यायची, घराला कुलूप. वहिनींनी वाद घातला नाही. फक्त संध्याकाळी गडग्याशी आल्या आणि मला म्हणाल्या, "भावजी, वाडी अजून रडली नाय."

"कुठली वाडी?"

"सगळी. मी म्हटलं होतं रडवीन. आता एकच शिमगा उरला. टीव्हीवर दाखवून रडत नायत ही माणसं, हसतात. त्यांच्यासमोर मरणारा राक्षस तुमीच एक हाय माझ्याकडे."

मी म्हटलं, "लोक माझं पडणं बघायला येतात."

"आयाबाया तान्ही पोरं तुमच्या पायावर घालतात शिमग्यात. त्याच्या नावाने नवस करतात. विष्णूच्या पायावर घातलेलं बघितलंत काय कधी? ते का?"

"रीत आहे."

"रीतीच्या आधी कायतरी असतंच ना. कोणाला तरी त्याची दया आली असेल. ती दया कुठे गेली, आणि रीत तेवढी उरली." मग म्हणाल्या, "वेद चोरलान त्याने. दागिने चोरले नाय, गाई चोरल्या नाय. पुस्तकं चोरलान. ज्याला शाळेतून काढला असेल तोच पुस्तकं चोरतो."

मी म्हटलं, "झगा तेवढा वेळेवर शिवा."

झगा शिवून आला तेव्हा छातीवर तांबडं ठिगळ. मी विचारलं, हे काय? "जखम. जुनी," वहिनी म्हणाल्या. "विष्णूने दिलेली नाय. त्याच्या आधीची." मी ब्लेडने ते उसवलं. असुराच्या झग्याला ठिगळ नसतं, वाडी काय म्हणेल. चार दिवसांनी झगा बाही घट्ट करायला दिला, तो परत आला. बाहेरून स्वच्छ काळा. अंगात घातला तर आतून छातीशी काहीतरी लागलं. बघतो तर तेच ठिगळ, आतल्या बाजूने.

"लोकांना दिसायला नको," वहिनी म्हणाल्या. "तुमाला माहीत असलं की पुरे."

उसवणार होतो. पण ब्लेड सापडलं नाही.

शिमग्याला खेळे वहिनींच्या अंगणात आले तेव्हा उन्हं कलली होती. सगळी वाडी गडग्यावर, पायऱ्यांवर, आंब्याखाली. वर्षाची गाडी अर्धी भरलेली कडेला उभी. वहिनी पुढे खुर्चीवर, मुग्धा शेजारी. खैरून पाटी उतरवून गडग्याला टेकली होती. मृदंग सुरू झाला. मी नाचलो, पोरं किंचाळत पळाली. बाळा विष्णू होता, पिवळं पितांबर, हातात पुठ्ठ्याचं चक्र, त्याच्यावर चांदीचा कागद. त्याने चक्र उगारलं. लोक पुढे सरकले. तोंडं आधीच हसायला उघडली होती.

मी उडी मारायला वाकलो आणि ते ठिगळ छातीला घासलं. काय झालं मला सांगता येणार नाही. मी उडालो नाही. गुडघे दुखत होते असं मी नंतर सांगितलं, आणि ते दुखतच होते. मी हळूच खाली बसलो, अंगणाच्या मधोमध, कुणीतरी दार उघडेल म्हणून पायरीवर बसतात तसा.

दोन-चार माणसं हसली. मग तीही थांबली. मृदंगवाल्याला कळेना पुढे काय वाजवायचं, त्याने हात वर धरून ठेवला. आणि त्या शांततेत खुर्चीवरून वहिनींचा आवाज आला, अगदी साधा, सांजेला शेजाऱ्याला विचारावं तसा.

"जेवलास काय रे?"

आता ह्या प्रश्नाला माझं उत्तर ठरलेलं आहे. "जेवलो." बायको गेल्यापासून तेच उत्तर मी सगळ्या जगाला दिलं आहे. पण झग्यात बोलायचं नाही, ही रीत. मान हलवण्याला मात्र बंदी नाही. आणि टोपीच्या आत माणूस एकटाच असतो.

मी मान हलवली. नाही.

टोपी उंच. आत मान इंचभर हलली तरी बाहेर शेंडा हातभर हलतो. ते "नाही" पार रस्त्यावरून दिसलं असेल.

पहिली खैरून रडली. मग कुणाची तरी आई. मग पोरं, कारण आया रडताना बघून पोरं रडतात. टोपीच्या भोकांतून मला जेवढं दिसलं तेवढं सांगतो: डोंबिवलीतल्या भाल्यावर जी माणसं पोट धरून हसली होती, ती सगळी नाकं पुसत होती. आणि बाळा, साक्षात विष्णू, चक्र खाली करून म्हणाला, "काका, मी नाय मारत."

मोठी अडचण. संकासूर मेल्याशिवाय खेळे पुढच्या घरी जात नाहीत. पुढची घरं पोळ्या करून वाट बघत होती. मी बोलू शकत नव्हतो. मी त्याला डोळ्यांनी खुणावलं, पण डोळे टोपीत. बाळा हुंदके देत उभा. "उपाशी माणसाला कसा मारू?" म्हणाला.

"मार रे," वहिनी खुर्चीवरून म्हणाल्या. "वेद चोरलान त्याने. मारावाच लागतो."

"काकी, तुमीच म्हणता ना—"

"मी विचारा म्हटलं, सोडा नाय म्हटलं. विचारून झालं. आता मार. मेला नाय तर ही माणसं नीट रडणार कशी?"

बाळाने डोळे मिटून चक्र फेकलं. ते माझ्या टोपीवरून जाऊन खैरूनच्या पाटीत पडलं. मी तरीही मेलो. तंगड्या वर केल्या नाहीत. नुसता आडवा झालो. अंगणात रडण्याचा असा आवाज उठला की रस्त्यावरून जाणारी एसटी हळू झाली, आणि त्या सगळ्या आवाजावरून एक खणखणीत शिट्टी आली. मी मेल्या मेल्या मान वळवून बघितलं. वहिनी दोन बोटं तोंडात घालून शिट्टी मारत होत्या. राक्षसांसाठी एवढी रडलेली बाई, तिच्या डोळ्यांत एक टिपूस नव्हतं. लग्नातल्या पोरीसारख्या हसत होत्या.

मी रडलो की नाही असं बाळा अजून विचारतो. टोपीच्या आत काय झालं ते टोपीला माहीत.

त्यानंतरच्या प्रत्येक घरी एकच प्रकार झाला. नाच राहिला बाजूला, दारात पोचायच्या आत बायका पुढे येऊन हात धरून मला पाटावर बसवायच्या आणि विचारायच्या, जेवलास काय रे? माझं झालंय, असं सांगायला तोंड उघडावं तर झगा अंगावर. न बोलणाऱ्या माणसाला नको म्हणता येत नाही. टोपी नाकापर्यंत वर करायची आणि खायचं. एवढ्या पुरणपोळ्या मी आयुष्यात खाल्ल्या नव्हत्या. शेवटच्या घरी संकासूर खरोखर मरायला आला होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी वर्षाने गाडी काढली. शिवणयंत्र मागच्या सीटवर, त्याला पट्टा बांधलेला, शेजारी मुग्धा. मी गडग्याशी उभा होतो, निरोप वगैरे मला जमत नाही, म्हणून पपईला पाणी घालत होतो. गाडी माझ्यासमोर आली आणि काच खाली झाली.

"भावजी, जेवलात काय?"

आता झगा नव्हता. बोलायला मोकळा होतो. "जेवलो" हा शब्द जिभेवर येऊन बसला होता. त्याची तिथे नेहमीचीच जागा आहे.

मी मान हलवली. नाही.

"थांब गो जरा," वहिनी वर्षाला म्हणाल्या. पायाशी ठेवलेल्या पिशवीतून त्यांनी डबा काढून खिडकीतून माझ्या हातात दिला. गरम होता. वाटेत खायचा डबा गार करून बांधतात, म्हणजे हा वाटेसाठी नव्हता. आधीच ठरलेलं होतं. "डबा परत करायला नाशकाला या. आणि रिकामा आणू नका."

गाडी पुलाच्या दिशेने गेली. वळणावर खिडकीतून त्यांचा हात बाहेर आला. आंब्यावर तो हुप्प्या बसला होता, डोक्यावर नसलं तरी त्या जरीच्या पोलक्याची एक चिंधी अजून फांदीला होती. वहिनींना आता एवढ्या लांबचं दिसत नाही. तरी हात त्याच्याच बाजूला हलला, माझ्या नव्हे. मी बघितलं.

ओटीवर बसून डबा उघडला. पिठलं-भात. काल माणूस मेलं होतं ना, मग शेजाऱ्याने काय पाठवायचं असतं? पिठल्यात गुठळ्या होत्या. सुमावहिनींच्या हातचं पिठलं आणि त्यात गुठळ्या, हे शक्य नाही. मुद्दाम केल्या होत्या.

सगळ्या खाल्ल्या.